विश्लेषण : चारही बाजू मोजल्या, तरी क्षेत्रफळ का सांगता येत नाही? अचूकतेवर अडून बसणाऱ्या भास्कराचार्यांची गोष्ट

जमिनीच्या एका तुकड्याच्या चारही बाजू मोजल्या आणि प्रत्येक बाजू २५ मीटर भरली. क्षेत्रफळ किती? बहुतेक जण चटकन ६२५ चौरस मीटर म्हणतील. तुकडा चौरस असेल तर उत्तर बरोबर आहे. पण तो कोपऱ्यातून दाबल्यासारखा तिरका असेल आणि त्याचे दोन कर्ण ३० व ४० मीटर भरत असतील, तर क्षेत्रफळ ६०० होते. आणखी तिरका होऊन कर्ण १४ व ४८ मीटर झाले, तर ते ३३६ वर येते. बाजू त्याच, कुंपणाची तार तेवढीच, जमीन मात्र जवळजवळ निम्मी.

मीटर सोडले तर हे सगळे आकडे जुने आहेत. ते ‘लीलावती’ या ग्रंथात आहेत आणि तो ग्रंथ ११५० सालचा आहे. समाजमाध्यमांवर भास्कराचार्यांचे नाव बहुधा ‘न्यूटनच्या आधी गुरुत्वाकर्षण’ एवढ्यापुरते फिरते. त्यांचे खरे काम त्याहून वेगळे आणि जास्त रंजक आहे. भूमितीतील आकडेमोड कशी करावी, ती कुठे चालते, कुठे फसते आणि शिकणाऱ्याला ती कशी पटवून द्यावी, यावर त्यांनी आयुष्य घालवले.

कोण होते भास्कराचार्य?

भारतीय गणिताच्या इतिहासात दोन भास्कर आहेत. पहिले सातव्या शतकातले. आपण बोलतो आहोत ते दुसरे, बाराव्या शतकातले. प्राचीन ग्रंथकारांच्या जन्मसालाबद्दल सहसा वाद असतो. इथे तो नाही, कारण त्यांनी ते स्वतःच लिहून ठेवले आहे. शके १०३६, म्हणजे इ.स. १११४. गाव विज्जडविड, सह्य पर्वताच्या परिसरातले. गोत्र शांडिल्य. वडील महेश्वर हे स्वतः ज्योतिषी आणि तेच मुलाचे गुरू. विज्जडविड म्हणजे आजचे नेमके कोणते गाव यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. जळगाव जिल्ह्यातील चाळीसगावजवळच्या पाटण परिसराचे नाव त्यात ठळकपणे घेतले जाते. त्याचे कारण पुढे येईलच.

वयाच्या ३६व्या वर्षी त्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणी’ पूर्ण केला. लीलावती, बीजगणित, ग्रहगणित आणि गोलाध्याय असे त्याचे चार भाग. पहिल्यात अंकगणित आणि भूमिती, दुसऱ्यात समीकरणे, उरलेल्या दोहोंत ग्रहांची गणिते आणि गोलाची भूमिती. बीजगणिताच्या शेवटी ते हा भाग का लिहिला ते सांगतात. ब्रह्मगुप्त, श्रीधर आणि पद्मनाभ यांचे बीजगणितावरचे ग्रंथ फार विस्तृत होते, त्यांचे सार काढून शिष्यांच्या हाती द्यायचे होते. नवे काही शोधले असा दावा नाही. विद्यार्थ्याला समजेल असे मांडतो, एवढेच म्हणणे.

त्या काळी असे ग्रंथ पद्यात लिहायची रीत होती. पाठांतराला ते सोयीचे. पण नियम दोन ओळींत बसवला की तो का खरा आहे, हे त्यात मावत नाही. म्हणून भास्कराचार्यांनी आपल्याच श्लोकांवर गद्यात टीका लिहिली, तिचे नाव ‘वासनाभाष्य’. वासना म्हणजे इथे उपपत्ती, नियमामागचे कारण. ज्याला उपपत्ती येत नाही अशा गणकाला विद्वानांच्या सभेत मान मिळत नाही आणि त्याची स्वतःची शंकाही फिटत नाही, असे त्यांचे मत होते. आजच्या भाषेत सांगायचे तर प्रोग्रॅमही त्यांनीच लिहिला आणि तो कसा चालतो याचे टिपणही त्यांनीच लिहिले. हे दुसरे काम टाळण्याकडे प्रोग्रॅम लिहिणाऱ्यांचा कल किती असतो, हे त्या क्षेत्रातल्या कोणालाही विचारावे!

चौकोनाचा वाद नेमका काय होता?

चार बाजूंवरून क्षेत्रफळ काढण्याचे एक सूत्र भास्कराचार्यांच्या आधीपासून प्रचलित होते. चारही बाजूंची बेरीज करून निम्मी करायची, त्यातून एकेक बाजू वजा करायची, आलेल्या चार संख्यांचा गुणाकार करून वर्गमूळ काढायचे. हे सूत्र इ.स. ६२८ मध्ये ब्रह्मगुप्तांनी दिले. वरच्या तुकड्याला ते लावून पाहा. बेरजेचे निम्मे ५०, प्रत्येक वजाबाकी २५, चौघांचा गुणाकार ३,९०,६२५ आणि वर्गमूळ ६२५. तुकडा चौरस असो, तिरका असो की अगदी चेपलेला असो, सूत्र दर वेळी ६२५च सांगणार.

भास्कराचार्यांनी नेमके इथे बोट ठेवले. त्रिकोणाच्या तीन बाजू ठरल्या की आकार पक्का होतो. बांबूच्या तीन काठ्या टोकांना बांधल्या की चौकट हलत नाही. चार काठ्यांची चौकट मात्र दाबली की तिरकी होते. तेव्हा चौकोनाचा एखादा कर्ण किंवा लंब सांगितल्याशिवाय त्याचे क्षेत्रफळ विचारणे हाच मुळात चुकीचा प्रश्न आहे. असा प्रश्न विचारणारा पिशाच्च आहे आणि त्याचे उत्तर देणारा त्याहून मोठा पिशाच्च, इतक्या तिखट शब्दांत त्यांनी हे सुनावले. गणिताच्या पाठ्यपुस्तकात असा राग क्वचितच दिसतो.

त्यांचे म्हणणे बरोबर होते, पण अर्धे. ब्रह्मगुप्तांचे सूत्र एका प्रकारच्या चौकोनांना तंतोतंत लागू पडते. ज्यांचे चारही कोपरे एकाच वर्तुळावर येतात असे चौकोन, म्हणजे चक्रीय चौकोन. भास्कराचार्यांनी सूत्र अस्फुट म्हणजे ढोबळ ठरवले, पण ते नेमके कोणत्या अटीवर खरे ठरते हे सांगितले नाही. सूत्राची मर्यादा त्यांना दिसली. त्या मर्यादेच्या आत किती सुंदर भूमिती आहे, ते निसटले.

दशांशचिन्ह नसताना वर्गमूळ कसे काढायचे?

लीलावतीत एक काटकोन त्रिकोण आहे. त्याच्या काटकोनाजवळच्या दोन्ही बाजू सव्वातीन एकक. कर्णाचा वर्ग येतो १६९ छेद ८ आणि त्याचे वर्गमूळ पूर्ण निघत नाही. मग काय करायचे?

आधी अंश आणि छेद यांचा गुणाकार करायचा : १६९ गुणिले ८ म्हणजे १,३५२. त्याला एखाद्या मोठ्या वर्गसंख्येने गुणायचे. इथे १०,००० घेतले, कारण त्याचे वर्गमूळ १०० हे सोपे आहे. आले १,३५,२०,०००. याचे जवळचे पूर्णांकी वर्गमूळ ३,६७७. शेवटी त्याला १०० गुणिले ८, म्हणजे ८०० ने भागायचे. उत्तर ४ पूर्णांक ४७७ छेद ८००. आजच्या रीतीने ते ४.५९६२५ होते आणि खरे मूल्य ४.५९६१९ च्या आसपास आहे.

अपूर्णांकांशी झटापट न करता सगळे काही मोठ्या पटीत वाढवून पूर्णांकांत काम करायचे आणि शेवटी ती पट काढून टाकायची, ही युक्ती आजही वापरात आहे. पैशाचे व्यवहार सांभाळणाऱ्या अनेक प्रणाली रुपयांऐवजी पैशांत हिशेब ठेवतात, त्यामागे हाच विचार असतो. यातली खरी खुबी पुढची आहे. अधिक अचूक उत्तर हवे असेल तर अधिक मोठी वर्गसंख्या घ्या, हे या नियमातच आहे. किती अचूक, हे वापरणाऱ्याने ठरवायचे. आणि उत्तराला नाव काय, तर ‘निकट’ मूळ. हे जवळचे आहे, खरे नव्हे, याची आठवण नावातच ठेवलेली.

वर्तुळाच्या परिघाबाबतही हीच शिस्त दिसते. व्यासाला २२ छेद ७ ने गुणले तर परीघ स्थूल मिळतो आणि ३,९२७ छेद १,२५० ने गुणले तर सूक्ष्म, असे दोन नियम शेजारी शेजारी दिले आहेत. दुसरा म्हणजे ३.१४१६. हे मूल्य आर्यभटांनी इ.स. ४९९ मध्येच दिले होते. भास्कराचार्यांनी त्याचे छोटे रूप केले आणि कोणते मूल्य कधी घ्यायचे, हे वाचणाऱ्यावर सोडले. फरक किती पडतो? एक किलोमीटर व्यासाचा गोल तलाव घेतला, तर पहिल्या मूल्याने परिघात सुमारे सव्वा मीटरची चूक होते. दुसऱ्याने सुमारे ७ मिलिमीटरची. तळ्याला कुंपण घालायला पहिले पुरे. ग्रहणाची वेळ काढायची असेल तर दुसरे हवे.

आवळ्याच्या फोडी आणि गोलाचे पृष्ठफळ

वासनाभाष्यातला सर्वात वाचनीय भाग गोलाचा आहे. चेंडूला बाहेरून जाळे गुंडाळावे तसे पृष्ठ, ही उपमा लीलावतीत येते. त्या जाळ्याचे क्षेत्रफळ किती?

आठव्या-नवव्या शतकाच्या सुमारास होऊन गेलेले ज्योतिषी लल्ल यांच्या नावावर एक नियम होता. गोलाच्या मध्यावरच्या मोठ्या वर्तुळाचे क्षेत्रफळ घ्या आणि त्याला परिघाने गुणा. भास्कराचार्यांच्या मते हा नियम साफ चुकीचा होता. खरा नियम असा की वर्तुळाच्या क्षेत्रफळाची चौपट करा. परीघ गुणिले व्यास केले तरी उत्तर तेच. आज भौतिकशास्त्र शिकलेला विद्यार्थी लल्लांची चूक एका नजरेत पकडेल. क्षेत्रफळाला लांबीने गुणले तर एकक घनाचे होते, चौरसाचे राहत नाही. भास्कराचार्यांच्या हिशेबात पृथ्वीचा परीघ ४,९६७ योजने आणि पृष्ठफळ ७८,५३,०३४ चौरस योजने. लल्लांचा नियम याच परिघाला लावला तर उत्तर साधारण १,२४२ पट फुगते.

लल्ल हे मोठे नाव होते. त्यांचा नियम चुकला आहे एवढे म्हणून भागणारे नव्हते, ते दाखवावे लागणार होते. भास्कराचार्यांनी त्यासाठी वाचकाच्या हातात आवळा दिला. आवळ्यावर देठापासून बुडापर्यंत फोडींच्या रेषा असतात, तशा गोलावर वरच्या टोकापासून खालच्या टोकापर्यंत रेषा काढायच्या. परीघ ९६ एकक धरायचा आणि गोलाच्या ९६ फोडी करायच्या. म्हणजे प्रत्येक फोड मध्यावर बरोबर एक एकक रुंद आणि दोन्ही टोकांना निमुळती होत शून्य. मधल्या कुठल्याही ठिकाणी तिची रुंदी किती, हे ज्यांच्या कोष्टकावरून मिळते. ज्या म्हणजे आजच्या त्रिकोणमितीतले साइन. त्या काळच्या कोष्टकात काटकोनाचे २४ भाग करून प्रत्येकाची ज्या दिलेली असे.

आता फोड आडवी कापत गेलो की तिच्या एकेक एकक उंचीच्या छोट्या पट्ट्या होतात. प्रत्येक पट्टी जवळपास समलंब चौकोनासारखी. वरची आणि खालची रुंदी मिळवून निम्मी केली की पट्टीचे क्षेत्रफळ. एका फोडीतल्या सगळ्या पट्ट्यांची बेरीज केली की येतात साधारण ३० पूर्णांक ३३ छेद ६०. ९६ एकक परिघाच्या गोलाचा व्यासही तितकाच, ३०.५५ च्या आसपास! एका फोडीचे क्षेत्रफळ व्यासाइतके आणि फोडी परिघाइतक्या. म्हणून पृष्ठफळ म्हणजे परीघ गुणिले व्यास.

अभियांत्रिकीच्या विद्यार्थ्यांना ही रीत ओळखीची वाटेल. वक्राखालचे क्षेत्रफळ समलंब पट्ट्यांत कापून मिळवायचे, हा आकडेमोडीच्या पद्धतींतला अगदी पहिल्या काही तासांचा धडा. काटेकोर बोलायचे तर ही सिद्धता नव्हे. २४ भागांच्या कोष्टकावरून दोन संख्या जुळतात एवढेच यातून दिसते. त्या तंतोतंत सारख्या का, हे यातून सिद्ध होत नाही. मात्र लल्लांचा नियम यापुढे टिकत नाही, एवढे कोणालाही स्वतः बेरीज करून ताडता येते. त्यासाठी गुरूवर विश्वास ठेवायची गरज नाही.

घनफळाचा नियमही त्यांनी बरोबर दिला : पृष्ठफळाला व्यासाने गुणून सहाने भागा. आर्यभटांचा गोलाच्या घनफळाचा नियम चुकीचा होता, हे लक्षात घेतले तर या ओळीचे मोल कळते. उदाहरणात ७ व्यासाचा गोल घेतला आहे. परीघ २१.९९१२, वर्तुळाचे क्षेत्रफळ ३८.४८४६, पृष्ठफळ १५३.९३८४, घनफळ १७९.५९४८. लीलावतीत ही उत्तरे व्यवहारी अपूर्णांकांत आहेत. दशांशात उतरवून पाहिली तर ३.१४१६ धरून शेवटच्या अंकापर्यंत जुळतात.

६१ चे कोडे

बीजगणितातले एक उदाहरण जगभर गाजले. अशी पूर्ण संख्या शोधा की तिच्या वर्गाला ६१ ने गुणून १ मिळवला तर पुन्हा पूर्ण वर्गच यावा. वाचायला सोपे, पण १, २, ३ असे करत गेले तर आयुष्य सरेल. सर्वात लहान उत्तर आहे २२,६१,५३,९८०. त्याच्या वर्गाची ६१ पट करून १ मिळवला की येतो १,७६,६३,१९,०४९ चा वर्ग.

इथवर पोहोचायची रीत म्हणजे चक्रवाल. सुरुवात अंदाजाने : ८ चा वर्ग ६४, म्हणजे ६१ पेक्षा ३ जास्त. हवा आहे फरक १, मिळाला ३. मग अशी संख्या निवडायची की ती ८ मध्ये मिळवल्यावर बेरजेला ३ ने भाग जावा आणि तिचा वर्ग ६१ च्या शक्य तितका जवळ असावा. ती संख्या ७. तिच्यावरून नवी जोडी मिळते ३९ आणि ५. ताडून पाहा : ३९ चा वर्ग १,५२१ आणि ६१ गुणिले २५ म्हणजे १,५२५. फरक आता उणे ४. फरक ४ वर आला की ब्रह्मगुप्तांनी सांगून ठेवलेली जवळची वाट सापडते आणि थोड्याच गुणाकारांत दहा अंकी उत्तर हाती येते. चाक फिरावे तशी तीच कृती पुन्हा पुन्हा, दर फेरीत नव्या जोडीवर. म्हणून चक्रवाल.

ही रीत भास्कराचार्यांनी शोधली असे सर्रास लिहिले जाते. ते खरे नाही. त्यांच्या आधी जयदेव नावाच्या गणितज्ञाने ती दिली होती आणि १०७३ सालच्या एका टीकेत तिचे श्लोक आढळतात. भास्कराचार्यांनी ती ६१ आणि ६७ सारख्या उदाहरणांसह अशी लावून दाखवली की पुढच्या पिढ्यांना ती त्यांच्याच ग्रंथातून कळली. १६५७ मध्ये फ्रान्समधील फर्मा यांनी युरोपातल्या गणितज्ञांना याच जातीचे आव्हान दिले आणि त्यातही ६१ होता. फर्मा यांना लीलावती किंवा बीजगणित ठाऊक असण्याचे कारण नव्हते. ६१ पुन्हा आला, कारण लहान संख्यांत तोच सर्वात जास्त छळतो.

याचा अचूकतेशी संबंध काय? वरच्या दोन संख्यांचा भागाकार केला तर ६१ चे वर्गमूळ दशांशचिन्हानंतर १७ घरांपर्यंत बरोबर मिळते. आजचे संगणक नेहमीच्या आकडेमोडीत एकूण १५-१६ अंकांची अचूकता सांभाळतात.

आणि जिथे भास्कराचार्य चुकले

लीलावतीत वर्तुळात बसवलेल्या सम बहुभुजांच्या बाजूंचे कोष्टक आहे. व्यास १,२०,००० धरून त्रिकोणापासून नवकोनापर्यंत. त्रिकोणाची बाजू १,०३,९२३, चौरसाची ८४,८५३, पंचकोनाची ७०,५३४, षट्कोनाची ६०,०००, अष्टकोनाची ४५,९२२. सगळी एककापर्यंत बिनचूक. पण सप्तकोनाला ५२,०५५ दिले आहेत आणि खरी बाजू ५२,०६६. नवकोनाला ४१,०३१ आणि खरी बाजू ४१,०४२. दोन्ही ठिकाणी ११ ने कमी.

हे दोनच का चुकले, याला भूमितीत कारण आहे. त्रिकोण, चौरस, पंचकोन, षट्कोन आणि अष्टकोन यांच्या बाजू वर्गमुळांच्या साहाय्याने नेमक्या लिहिता येतात. सप्तकोन आणि नवकोनाच्या येत नाहीत. तिथे अंदाजाच्या रीतीवरच विसंबावे लागते. वर्गमुळाच्या पलीकडचा रस्ता सुरू झाला आणि तिथेच पाय घसरला.

नक्कल करणाऱ्याची चूक म्हणून हे सहज झटकून टाकता येत नाही, कारण आकडे छंदात बांधलेले आहेत. बाण म्हणजे ५, नख म्हणजे २०, वेद म्हणजे ४, अशा शब्दांनी संख्या उजवीकडून डावीकडे सांगितली जाई. एखादा शब्द गळला किंवा बदलला तर वृत्त अडखळते. माहिती सुरक्षित ठेवायची ही अफलातून सोय होती. अडचण एवढीच की तिने चूकही तितक्याच निष्ठेने साडेआठशे वर्षांहून अधिक काळ जपली. फरक किती मोठा? २,००० एकक व्यासाच्या वर्तुळात एका बाजूमागे एककाच्या पाचव्या हिश्श्याहूनही कमी. सुतारकामात तो कळणारही नाही. पण शेजारच्या पाच ओळी एककापर्यंत बरोबर असताना या दोन ओळी त्याच आत्मविश्वासाने, ‘स्थूल’ असा शेरा न मारता दिल्या आहेत, हे खटकते. विशेषतः ज्यांनी चौकोनावरून इतरांना पिशाच्च म्हटले, त्यांच्याकडून.

आणि हे विसरून झालेलेही नाही. कारण लगेच पुढे जीवा, म्हणजे वर्तुळाच्या दोन बिंदूंना जोडणारी रेषा, झटपट काढण्याचे एक सूत्र येते आणि तिथे ते स्थूल आहे हे आधीच सांगितले आहे. हे सूत्र सातव्या शतकातल्या पहिल्या भास्करांचे. त्यात वर्गमूळ नाही की कोष्टक नाही. फक्त गुणाकार आणि एक भागाकार. तरीही चूक त्रिज्येच्या ०.२ टक्क्यापेक्षा कमी. २४० व्यासाच्या वर्तुळाच्या परिघाचे १८ भाग करून जीवा काढल्या की ४२, ८२, १२०, १५४, १८४, २०८, २२६, २३६ आणि २४० अशी छोटीशी यादी मिळते. कोष्टक जवळ नसलेल्या माणसाचे काम तिच्यावर भागते.

लीलावती कोण होती?

सर्वांना ठाऊक असलेली कथा अशी. लीलावती ही भास्कराचार्यांची मुलगी. तिच्या लग्नाचा मुहूर्त साधण्यासाठी घटिकापात्र लावले होते, त्यात तिच्या दागिन्यातला मोती पडला, भोक बुजले आणि मुहूर्त टळला. दुःखी मुलीच्या नावाने वडिलांनी ग्रंथ लिहिला. ही कथा येते अकबराच्या आज्ञेवरून फैजीने १५८७ मध्ये केलेल्या फारसी भाषांतरातून, म्हणजे ग्रंथानंतर चारशेहून अधिक वर्षांनी. मूळ ग्रंथात कधी बालिकेला, कधी हरिणाक्षीला, कधी मित्राला उद्देशून प्रश्न विचारले आहेत. त्यावरून मुलगी सिद्ध होत नाही. कथा गोड आहे. तिच्यामुळे ग्रंथ घरोघरी पोहोचला, हेही खरे.

गुरुत्वाकर्षणाच्या दाव्याचेही तसेच. पृथ्वीत आकर्षणशक्ती आहे, ती जड वस्तूला आपल्याकडे ओढते आणि म्हणून वस्तू पडल्यासारखी दिसते, हे गोलाध्यायात आहे. अंतर वाढले की ते बल कोणत्या प्रमाणात घटते आणि तेच बल ग्रहांना कसे फिरवते, ते तिथे नाही. न्यूटनचे काम ते. ग्रहाची एका क्षणाची गती, म्हणजे तात्कालिक गती, हा भास्कराचार्यांचा विचार खरे तर अधिक दखल घेण्याजोगा आहे. दिवसभराची सरासरी गती आणि आत्ता या क्षणाची गती यांत फरक असतो, हे त्यांनी ज्यांच्या फरकावरून मांडले. गाडीच्या स्पीडोमीटरवरचा आकडा आणि प्रवासाची सरासरी यांत असतो, तोच हा फरक.

उतारवयातील काम आणि पाटणचा शिलालेख

११८३ मध्ये, वयाच्या ६९व्या वर्षी त्यांनी ‘करणकुतूहल’ लिहिला. सिद्धान्तशिरोमणी हा मूळ तत्त्वांचा ग्रंथ. करणकुतूहल हा पंचांग करणाऱ्यांच्या रोजच्या कामाचा. युगारंभापासून दिवस मोजत बसण्याऐवजी गणित जवळच्या काळापासून सुरू होते, त्यामुळे संख्या लहान राहतात. उपपत्तीचा इतका आग्रह धरणाऱ्या माणसाने उतारवयात झटपट आकडेमोडीचे पुस्तक लिहावे, यात विसंगती नाही. पंचांगकर्त्याला पहाटे उत्तर हवे असते, त्याला व्याख्यान देऊन उपयोग नसतो.

त्यांचा मुलगा लक्ष्मीधर यादव राजा जैत्रपालाच्या दरबारी पंडितांचा प्रमुख झाला. लक्ष्मीधराचा मुलगा चांगदेव हा यादव राजा सिंघणाचा ज्योतिषी. या चांगदेवाने पाटण येथे मठ काढला, तोही आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी. आपला ग्रंथ आपल्यानंतर कोणी वाचेल का, ही प्रत्येक ग्रंथकाराची चिंता असते. इथे नातवाने त्याची सोय लावून दिली. तिथल्या शिलालेखात घराण्याच्या पिढ्या, भास्कराचार्यांची कीर्ती आणि मठाला शके ११२८ मध्ये, म्हणजे १२०७ साली दिलेल्या दानाची नोंद आहे. मुंबईचे विद्वान डॉक्टर भाऊ दाजी लाड यांनी हा लेख उजेडात आणला आणि १८६५ मध्ये त्यावर लिहिले. भास्कराचार्यांच्या घराण्याबद्दल आज जे खात्रीने सांगता येते, त्यातले बरेचसे या दगडामुळे.

ग्रंथ मठापुरते राहिले नाहीत. कोकणातल्या नांदगावचे गणेश दैवज्ञ यांनी १५४५ मध्ये लीलावतीवर ‘बुद्धिविलासिनी’ ही टीका लिहून नियमांच्या उपपत्ती दिल्या. केरळमध्ये सोळाव्या शतकात शंकर वारियर यांनी ‘क्रियाक्रमकरी’ लिहिली. १८१७ मध्ये कोलब्रुक यांनी लीलावती आणि बीजगणित इंग्रजीत नेले.

पाटणचा शिलालेख मुख्यतः संस्कृतात आहे, पण शेवटचा भाग जुन्या मराठीत. संस्कृत ओळी विद्वानांसाठी. मराठी ओळी बाजारपेठेसाठी, कारण मठाचा खर्च कोणी किती उचलायचा हे व्यापाऱ्यांना आणि तेल्यांना नीट कळायला हवे होते. विक्रीला येणाऱ्या मालावर मठाचा वाटा किती, हे तिथे लिहिले आहे. गावात जितके घाणे चालतील, त्या प्रत्येकामागे एक पळी तेल.